फोर्ट स्टिकीन: दोन नंबर होल्डचं मॉडेल करताना ठेवलेल्या नोंदी

७ डिसेंबर

काम ठरलं. एप्रिलच्या अग्निशमन सेवा सप्ताहात आमच्याकडच्या शाळेत मुंबई गोदीच्या स्फोटावर एक टेबल मांडायचं आहे आणि मॉडेलची जबाबदारी मी घेतली. जहाज अर्थातच एस. एस. फोर्ट स्टिकीन, १४ एप्रिल १९४४ ला व्हिक्टोरिया गोदीत फुटलेलं. शाळेला नुसतं जहाज हवं होतं. मी दोन मॉडेल करतो म्हटलं: पूर्ण जहाज १:२०० च्या मापात आणि दोन नंबर होल्डचा, म्हणजे जहाजाच्या पोटातल्या माल भरायच्या खणाचा, उभा छेद १:५० मध्ये. छेदाचा आग्रह माझा. हे जहाज का गेलं ते बाहेरून पाहून कळत नाही. पोटात कशाच्या वर काय रचलं होतं, ते पाहिलं की कळतं. मुलांना तेच दिसायला हवं.

पार्श्वभूमी थोडक्यात. कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावर, ब्रिटिश कोलंबियातल्या प्रिन्स रूपर्टला हे जहाज बांधलं आणि जुलै १९४२ मध्ये पाण्यात सोडलं. लेंड-लीज, म्हणजे मित्रराष्ट्रांना युद्धसाहित्य उसनं देण्याच्या करारातून ते ब्रिटनच्या युद्ध वाहतूक खात्याकडे गेलं, कारभार पोर्ट लाइन कंपनी पाहायची. नाव अलास्कातल्या, हडसन्स बे कंपनीच्या एका जुन्या ठाण्याचं. पाण्यात उतरल्यापासून चिंध्या होईपर्यंत २१ महिनेही भरले नाहीत.

११ डिसेंबर – मापं

इथे लक्ष द्या, कारण पुस्तकांत आणि जालावर दोन लांब्या सापडतात. नोंदणीतली लांबी ४२४ फूट ६ इंच. टोकापासून टोकापर्यंत मात्र सुमारे ४४१ फूट. सुकाणूच्या मागे लोंबणारी पिछाडी नोंदणीच्या मापात येत नाही, म्हणून हा फरक. १:२०० ला एक माप ६४.७ सेंटिमीटर येतं, दुसरं ६७.२. अडीच सेंटिमीटरची तफावत म्हणजे पिछाडीचा सगळा आकारच गेला. लाकूड ६७.२ ने कापायचं आणि होल्डच्या जागा नोंदणीच्या मापातून काढायच्या. रुंदी ५७ फूट २ इंच, खोली ३४ फूट ११ इंच. त्यात वाद नाही.

आराखड्याची प्रिंट छोटी आली. दुकानातल्या यंत्रावर ‘फिट टू पेज’ लागलेलं होतं आणि कागद जवळजवळ तीन टक्के आक्रसून निघाला. दोन मोठे शीट वाया, ३६० रुपये. आता प्रत्येक फाइलच्या कोपऱ्यात १० सेंटिमीटरची रेघ आखून ठेवली आहे. दुकानातच पट्टी लावायची, रेघ बरोबर भरली तरच पैसे द्यायचे.

१६ डिसेंबर – लिबर्टी नव्हे, फोर्ट

फोर्ट जातीचं, म्हणजे फोर्ट स्टिकीन ज्या प्रकारचं त्या मालवाहू जहाजाचं, किट बाजारात शोधत बसू नका. मिळतात ती अमेरिकन लिबर्टी जहाजांची किट आणि आराखडेही मुख्यतः त्यांचेच. दोन्ही जाती मूळ एकाच ब्रिटिश आराखड्यातून आल्या, इंग्लंडमधल्या संडरलंडच्या, त्यामुळे पाण्याखालचा आकार जवळपास सारखा आहे. तो घ्यायला हरकत नाही.

मधला भाग मात्र वेगळा. लिबर्टीत ब्रिज (जिथून जहाज चालवतात ती जागा), खलाशांच्या खोल्या आणि धुराडं हे सगळं एकाच इमारतीत गोळा केलेलं असतं. फोर्टमध्ये त्याचे दोन तुकडे आहेत. पुढे ब्रिजचं घर, मग मोकळी जागा आणि त्यात तीन नंबरचं हॅच (होल्डमध्ये माल उतरवायचं डेकवरचं तोंड), मग इंजिनाचं घर आणि धुराडं. कारण साधं आहे. या जातीचे बॉयलर कोळशावर चालायचे आणि कोळसा बॉयलरजवळच साठवावा लागायचा. लिबर्टी तेलावर चालणारं, त्याला ही फट लागत नव्हती. फोर्ट स्टिकीनच्या नावाने केलेली काही मॉडेलं फोटोत पाहिली, मधोमध सरळ लिबर्टीची इमारत बसवलेली. दुरूनसुद्धा चुकीचं दिसतं. मधला भाग मी पूर्ण नव्याने काढला, त्यात आठवडा गेला.

२२ डिसेंबर – लाकूड

वखारीतून पॅकिंगचं पाइन आणलं होतं, ४५० रुपयांचं. फळ्या रंधून ठेवल्या आणि रात्रीतून दोन फळ्या चिरल्या, एक केळीसारखी वाकली. आत ओल होती. स्वस्त पाइन घ्यायचंच असेल तर महिनाभर घरात, भिंतीपासून दूर, मध्ये काड्या घालून रचून ठेवा. मला तेवढा वेळ नव्हता, म्हणून शिवणीचं लाकूड घेतलं. महाग पडलं, १,८०० रुपये. पण शिवण हलकं, रंध्याखाली गुळगुळीत निघतं आणि फारसं वाकत नाही. कारखान्यात ओतकामाचे लाकडी पॅटर्न करताना त्याचा भरवसा अनुभवलेला आहे.

४ जानेवारी – सांगाडा

फळ्यांचे आडवे थर एकावर एक चिकटवून ठोकळा केला. प्रत्येक थर त्या उंचीवरच्या जलरेषेच्या आकारात आधीच कापून घेतला, म्हणजे कोरायला फक्त पायऱ्या उरतात. चिकटवताना एक काळजी: फेविकॉल लावून शिकंजे आवळले की थर ओल्या गोंदावर सरकतात. दोन टोकांना लाकडी खुंट्या मारून थर जागेवर बांधा आणि मगच आवळा. खुंट्या नसलेली पहिली जोडी दीड मिलिमीटर सरकून सुकली. ती पटाशीने फोडून पुन्हा केली.

कोरताना पुठ्ठ्याचे फर्मे वापरले. फर्मा लावायचा, मागे दिवा धरायचा, उजेड दिसेल तिथे लाकूड भरायचं, अडेल तिथे कानस. मधला भाग पेटीसारखा सरळ आहे, पटकन होतो. सगळी मेहनत पिछाडीला, पंख्याच्या वर.

१२ जानेवारी – पत्रे आणि रंग

कॅनडातली ही जहाजं रिव्हेट मारून जोडलेली होती. पत्र्यावर पत्रा चढवलेला असायचा, त्यामुळे बाजूने आडव्या कडा दिसतात. १:२०० ला रिव्हेट दाखवणं निरर्थक आहे, कडा मात्र दाखवायला हव्यात. पद्धत अशी: मास्किंग टेप एकाआड एक पट्ट्यात लावायची, मधल्या पट्ट्यांवर प्रायमरचे तीन हात द्यायचे, टेप काढायची. केसाएवढी कड राहते आणि तिरक्या उजेडात छान उठून दिसते.

पहिल्या वेळी ऑइल प्रायमरवर एनसीचा (नायट्रोसेल्युलोज रंगाचा) हात बसला आणि तासाभरात सगळी बाजू सुरकुतली. खरवडून पुन्हा लाकडापर्यंत जावं लागलं. खालपासून वरपर्यंत एकच जात वापरा, ऑइल तर ऑइल, एनसी तर एनसी. वरचा रंग सरसकट करडा. युद्धकाळात मालवाहू जहाजांना हाच लावायचे.

२० जानेवारी – मालाची यादी

आता छेदाचं काम, म्हणजे खऱ्या विषयाला हात.

जहाज २४ फेब्रुवारी १९४४ ला बर्कनहेडहून निघालं. जिब्राल्टर, सुएझ, कराची, मग मुंबई. पोटात १,३९५ टन युद्धसामग्री: टॉर्पेडो, सुरुंग, तोफगोळे. त्यातली २३८ टन ‘अ’ वर्गाची, म्हणजे सर्वांत नाजूक स्फोटकं. सुटी केलेली स्पिटफायर विमानंही होती, ती कराचीला उतरली. रिकाम्या झालेल्या जागेत कराचीला भरला तो कापूस, वंगणतेलाची पिंपं, लाकूड, भंगार लोखंड, गंधक, तांदूळ, माशांचं खत, राळ. कप्तान अलेक्झांडर नेस्मिथ यांना हे पटलेलं नव्हतं. पण युद्धात रिकामी जागा घेऊन जहाज पुढे पाठवायची सोय नव्हती.

कापसाच्या गाठींचा आकडा तपासून घ्या. बऱ्याच ठिकाणी ८७,००० गाठी असं छापलेलं दिसतं, काही ठिकाणी ८,७००. होल्डमध्ये रचायच्या म्हणून मी हिशेब केला. आजची आपली गाठ १७० किलोची धरली तरी ८७,००० गाठींचं वजन १४,७९० टन होतं. या जातीचं जहाज सगळं मिळून १०,००० टनांच्या आसपास माल नेतं. ८,७०० गाठींचे होतात सुमारे १,४८० टन, जे इतर मालाबरोबर सहज बसतं. एक शून्य कुठेतरी जास्त पडलं आणि पुढे सगळे तेच उतरवत गेले. आमच्या फलकावर ८,७०० जाईल.

२६ जानेवारी – गोदीतले मामा

शेजारच्या इमारतीत एक मामा राहतात, इंदिरा गोदीत पाळीवर काम करून निवृत्त झालेले. छेदाचा कच्चा आराखडा घेऊन त्यांच्याकडे गेलो. गाठी मी थेट तळाच्या पत्र्यावर काढल्या होत्या.

“अहो, हे असं कुणी ठेवतं का?” ते म्हणाले. “आधी डनेज टाकायचं. फळ्या, बांबू, चटया, मिळेल ते. लोखंडाला घाम सुटतो. गाठ पत्र्याला लागली की काळी पडली म्हणून समजा.”

“मामा, गाठी आडव्या की उभ्या?”

“आडव्या. आणि कडेला जहाजाची बाजू गोल होते ना, तिथे पूर्ण गाठ बसत नाही. तिथे पोकळी राहते. ती पोकळी लक्षात ठेवा. आग लागली तर धूर वर येतो हॅचमधून, आणि जाळ असतो तिकडे कोपऱ्यात. वरून पाणी मारणाऱ्याला काय दिसणार?”

हे वाक्य मी लगेच वहीत उतरवलं. १४ एप्रिल १९४४ ला नेमकं हेच झालं. दुपारी दोनच्या सुमारास दोन नंबरमधून धूर दिसला. पंप लागले, ९०० टनांहून जास्त पाणी आत गेलं, तरी दाट धुरामुळे जाळाचं मूळ सापडलं नाही.

हॅचची झाकणंही मामांनी समजावली. लोखंडी तुळयांवर लाकडी फळ्या, त्यावर ताडपत्री, कडेने पाचरी ठोकलेल्या. मॉडेलमध्ये ती झाकणं आता निघतात, आणि फळ्या एकेक करून उचलता येतात.

२ फेब्रुवारी – गाठी

१:५० ला गाठ साधारण २४ मिलिमीटर लांब, १० रुंद. लाकडाच्या पट्टीचे तुकडे करून रंगवणं सोपं होतं, पण मला पाण्याचा प्रयोग दाखवायचा आहे आणि त्यात लाकूड म्हणजे फसवणूक झाली असती. लाकूड काहीही झालं तरी तरंगणारच. म्हणून खरा कापूस.

लाकडी साच्यात कापूस घालायचा, बाकावरच्या शिकंज्यात दाबायचा, मांजरपाटात गुंडाळायचा, तांब्याच्या बारीक तारेने दोन वेढे. एका गाठीला बराच वेळ जातो. मुलीने आणि पुतण्याने हात लावला म्हणून ढीग तयार झाला. तार आवळताना ती मांजरपाट कापते, टोक दोनदा पिळून आत मोडायचं.

९ फेब्रुवारी – पेटी गळते

छेदाची पेटी ॲक्रिलिकची: रुंदी ३५ सेंटिमीटर, उंची २१, आणि लांबी ४०, म्हणजे जहाजाचे २० मीटर. उचलायला झेपेल अशी लांबी घेतली. कापून मिळाली, पाच मिलिमीटर जाडीची, ३,२०० रुपये. क्लोरोफॉर्मने जोडली आणि पाणी भरताच दोन कोपरे गळू लागले. सिलिकॉन फासून पाहिलं. एक दिवस टिकलं, मग पुन्हा थेंब.

कारण कडेत होतं. कापताना कड किंचित तिरकी आली होती, त्यामुळे क्लोरोफॉर्म पूर्ण लांबीला धरलाच नाही. सिलिकॉन खरवडून काढलं, कडा गुण्याला लावून पॉलिश पेपरवर घासल्या आणि पुन्हा जोडल्या. आतून कोपऱ्यांना तिकोनी पट्टी चिकटवली. आता दोन दिवस भरून ठेवली आहे, टेबल कोरडं. हे काम खिडकी उघडी ठेवून आणि मुलांना बाहेर पाठवून करा. क्लोरोफॉर्मचा वास साधा समजू नका.

१६ फेब्रुवारी – पाण्याचा प्रयोग

या कामातला सगळ्यात महत्त्वाचा दिवस, म्हणून सविस्तर लिहितो.

आधी मालाची रचना. तळाशी डनेज, त्यावर कापसाच्या गाठी. मधल्या डेकवर स्फोटकांच्या पेट्या. म्हणजे जळणारा माल खाली आणि फुटणारा माल त्याच्या डोक्यावर.

पाणी किती घालायचं ते काढलं. ९०० टन म्हणजे सुमारे ९०० घनमीटर. १:५० ला घनफळ १,२५,००० पटीने कमी होतं. उत्तर ७ लिटर २०० मिली. खऱ्या जहाजात सगळं पाणी या एका तुकड्यातच साठलं असं नाही, पण अंदाज नीट येतो. रिकाम्या पेटीत एवढं पाणी पाच सेंटिमीटर चढतं. गाठी भरल्या की त्याहून बरंच वर.

पहिल्या खेपेला गाठी बुडाल्या. पाणी लागताच सगळ्या गाठींनी ते ओढून घेतलं आणि तळाशी बसल्या. मी गोंधळलो, कारण त्या दिवशीच्या वर्णनांत पाण्याबरोबर जळता कापूस वर आला असं आहे. थोड्या वेळाने लक्षात आलं, गाठी मेडिकलमधून आणलेल्या कापसाच्या होत्या. तो कापूस धुऊन, उकळून, त्यातलं नैसर्गिक मेण काढून विकतात, पाणी आणि रक्त शोषावं म्हणूनच. जहाजात गेलेली होती ती सरकी काढलेली कच्ची रुई. तिच्या तंतूंवर मेणाचा थर असतो आणि पाणी लवकर आत शिरत नाही.

गादीवाल्याकडून रुई आणली, पाव किलो पुरते. पुन्हा दाबल्या, पुन्हा बांधल्या. पुतण्याने मगाने पाणी ओतायला सुरुवात केली आणि मी बाजूने पाहत बसलो. सुरुवातीला काहीच नाही. पाणी डनेजमधून खालच्या थराखाली गेलं. मग एक कोपरा हलला. मग सगळी रास, तशीच रचलेली, सावकाश उचलली जाऊ लागली. वरच्या थरातल्या गाठी मधल्या डेकच्या खालच्या बाजूला जाऊन टेकल्या आणि तिथेच दाबून राहिल्या. त्यांच्या अगदी वर, पातळ पट्टीपलीकडे, स्फोटकांच्या पेट्या.

बंबवाल्यांनी आपलं काम जिवापाड केलं. जे पाणी विझवायला घातलं, त्यानेच जाळ स्फोटकांच्या तळाशी नेऊन पोचवला. जागा चुकीची भरली गेली होती, कराचीलाच. हे समोर घडताना पाहिलं तेव्हा माझ्याकडून बराच वेळ काही बोलवलं नाही. टेबलावर दाखवायचं ते हेच.

२४ फेब्रुवारी – कोणत्या क्षणाचं जहाज

मोठ्या मॉडेलवर काय काय ठेवायचं ते आज ठरवलं. जहाज १४ एप्रिलच्या दुपारचं, एक नंबर धक्क्याला लागलेलं. म्हणून डेकवर विमानांच्या पेट्या नाहीत, त्या कराचीला गेल्या. डेरिक, म्हणजे माल उचलायचे दांडे, उभे, दोन नंबरचं हॅच उघडं.

एका मित्राने डोलकाठीवर लाल निशाण लावायला सुचवलं. स्फोटकं असलेल्या जहाजाने लाल निशाण लावायचं हा नियम, हे त्याचं बरोबर आहे. पण फोर्ट स्टिकीनवर ते नव्हतं. शेजारच्या जहाजांना आपल्या बाजूला काय उभं आहे ते कळलं नाही. आपल्या मॉडेलची डोलकाठी रिकामीच राहील आणि फलकावर त्याचं कारण लिहिलं जाईल. अशा जहाजाने गोदीत न येता बाहेर उभं राहून माल उतरवायचा, हा शांततेच्या काळातला नियमही युद्धात सैल झाला होता.

५ मार्च – सोनं

सगळे सोन्याबद्दलच विचारतात. होतं. ३१ पेट्या, दोन नंबरच्याच वरच्या मजल्यावर, लोखंडी टाकीत ठेवून झाकण वेल्डिंगने बंद केलेल्या. विटा शहरभर उडाल्या, एक मैलभर दूरच्या घरात पडली आणि मालकाने ती परत केली. पुढे कित्येक वर्षं गाळ काढताना सापडत राहिल्या.

टाकी मी केली, पुठ्ठ्याची, करड्या रंगाची, बाकी मालासारखीच. सोनेरी रंग लावला असता तर सगळ्यांची नजर तिथेच गेली असती आणि खालच्या गाठी कुणी पाहिल्याच नसत्या.

१५ मार्च – डेरिक आणि दोर

डोलकाठ्या आणि डेरिक पितळी तारेचे. अ‍ॅराल्डाइटने जोडलेले सांधे दोर ताणताच सुटतात, म्हणून झाळले. पितळ झाळायच्या आधी पॉलिश पेपरने चकचकीत करा, नाहीतर झाळ धरत नाही. दोरांसाठी शिवणकामाचा काळा धागा मेणातून ओढून घेतला, नाहीतर त्याचे केस निघतात आणि मापात ते जाड दोरखंडासारखे दिसतात. आतून बाहेर या क्रमाने बांधत जा. बाहेरचा दोर आधी बांधला तर आतल्या गाठीपर्यंत चिमटा पोचत नाही.

पिछाडीची तोफ छोटी, काडीच्या पेटीतल्या काडीइतकी. तिला फार वेळ दिला नाही.

२२ मार्च – फलकाचा मजकूर

यात दोन संध्याकाळी गेल्या आणि त्या जायलाच हव्या होत्या. मजकूर असा ठरला: दोनच्या सुमारास धूर. मतं तीन. आयुध विभागाचे कॅप्टन ओबर्स्ट म्हणत होते, जहाज बुडवा. गोदीचे कर्नल सॅडलर म्हणत होते, बाहेर समुद्रात न्या. अग्निशमन दलाचे प्रमुख नॉर्मन कूम्ब्ज म्हणत होते, पाणी मारत राहू. धक्क्याला पाण्याची खोली जहाज पूर्ण बुडेल इतकी नव्हती. निर्णय एका हातात नव्हता. ३ वाजून ५० मिनिटांनी जहाज सोडायचा हुकूम झाला, ४ वाजून ६ मिनिटांनी पहिला स्फोट. सुमारे अर्ध्या तासाने दुसरा. स्फोटाच्या हादऱ्याची नोंद १,७०० किलोमीटरवरच्या सिमल्याच्या भूकंपमापकावर झाली. शेजारचं जलपद्म हे जहाज उचललं जाऊन त्याची पिछाडी धक्क्यावरच्या शेडवर आदळली. अग्निशमन दलाचे ६६ जवान गेले. एकूण मृतांचे अंदाज ८०० पासून १,३०० पर्यंत. ढिगारा उपसून गोदी पुन्हा चालू करायला ८,००० माणसं सात महिने राबत होती.

मृतांचा एकच आकडा लिहा, वाचायला सोपं पडेल, असं शाळेतून सुचवलं गेलं. मी नाही म्हटलं. मांडवी, मशीद बंदरच्या वस्त्यांमधले, गोदीत रोजावर आलेले कितीतरी जण कुठल्याच वहीत नव्हते. एकच आकडा लिहिला तर ते मोजले गेले असं वाटेल.

३० मार्च – खर्च

शिवण १,८००, वाया गेलेलं पाइन ४५०, ॲक्रिलिक ३,२००, प्रिंट वाया गेलेल्या धरून ९००, रंग-प्रायमर-थिनर १,६५०, पितळी तार आणि झाळकाम ७००, रुई, मांजरपाट, तांब्याची तार ४००, गोंद, क्लोरोफॉर्म, सिलिकॉन ६५०. एकूण ९,७५० रुपये. दुसऱ्याने केलं तर पाइन, चुकीच्या प्रिंट आणि सिलिकॉन वाचतील. छेद तेवढाच करायचा असेल तर पाच हजारांत होतो, आणि एकच करायचा झाला तर छेदच करा.

९ एप्रिल – शाळेत चाचणी

१४ ला आंबेडकर जयंतीची सुट्टी, म्हणून टेबल १५ पासून लागेल. आज शिक्षक आणि नववीचा एक वर्ग एवढ्यांसमोर प्रयोग केला. स्थानिक अग्निशमन केंद्रातले एक अधिकारीही आले होते. गाठी वर चढून टेकल्या तेव्हा एका मुलीने विचारलं, “मग पाणी टाकायलाच नको होतं का?” अधिकारी खाली बसले आणि तिला पेटीच्या बाजूने दाखवू लागले. होल्डमध्ये काय आहे ते आधी कळायला हवं, ते म्हणाले, आणि मग जाळ कुठे आहे ते. आजही आम्ही गोदामाला गेलो की पहिला प्रश्न हाच, आत काय ठेवलंय आणि कशाच्या वर.

जाताना त्यांनी मला दोन कामं सांगितली आणि दोन्ही योग्य आहेत. एक, मधल्या डेकची पट्टी पारदर्शक करा, म्हणजे गाठी खालून टेकताना वरूनही दिसतील. दोन, तळाला नळ बसवा. आत्ता पेटी तिरकी करून पाणी काढावं लागतं आणि तेवढ्यात रास मोडते. नळ खरं तर पेटी जोडायच्या आधी बसवायला हवा, भोक पाडताना जोडलेल्या ॲक्रिलिकला तडा जाऊ शकतो. तुम्ही करत असाल तर आधीच बसवा. मी उद्या हळू वेगाने, भोकाखाली लाकूड धरून पाडतोय.

गाठी प्रत्येक प्रयोगानंतर पिळू नका, तार सुटते. चाळणीवर पसरून दिवसभर उन्हात ठेवा. गाठींच्या एकाच संचावर रोज प्रयोग होणार नाहीत, आठवडाभरात रुईही पाणी धरू लागते आणि गाठी जड होतात. दुसरा संच दाबायला घेतला आहे.